बदनापूरच्या वाटेनें गेलेल्या पलटणी

ता. २१ सप्टेंबर १८०३ रोजीं इंग्रजांचे दोन सेनानी आपल्या बदनापुरास एकमेकांस भेटले. त्यांपैकीं एक जनरल आर्थर वेलस्ली. हाच पुढें ड्यूक ऑफ वेलिंग्टन ह्या नांवानें प्रसिद्धीस आला. दुसरा कर्नल स्टीव्हन्सन. शिंदे व नागपूरकर भोसले यांच्या फौजेवर ता. २४ रोजीं दोघांनीं मिळून चालून जावें, व तेथवर पोहोंचण्यास एकानें डोंगराच्या पूर्वेकडील आणि दुसऱ्यानें पश्चिमेकडील वाट धरावी, असा बेत येथें ठरला. वेलस्लीस ती फौज एक दिवस आधींच आढळली, आणि ता. २३ रोजीं भोकरदनच्या बाजूस असई येथें घनघोर लढाई झाली. एकट्या इंग्रजांकडील मेलेले व जखमी मिळून दीड हजारांहून अधिक होते.

त्या रणाचें वर्णन पुष्कळांनीं केलें आहे. ज्यांनीं तें रण केलें ते शिपाई कोण होते, आणि त्यांस सैन्यांत कोणीं व कां घेतलें, एवढाच प्रश्न वाचकांपुढें ठेवण्याचें आज योजिलें आहे.

शिंद्यांची फौज म्हणजे मराठ्यांची फौज, असें आपण सहज म्हणतों. परंतु असईस त्यांच्या कवायती पायदळाचा मुख्य अधिकारी पोलमन हा हानोव्हरचा जर्मन होता, व त्याच्या हाताखालीं अयोध्या आणि अंतर्वेद इकडील पुरबिये शिपाई मोठ्या संख्येनें होते. उलटपक्षीं, इंग्रजांच्या फौजेंत गोऱ्या पलटणी अवघ्या तीन: दोन स्कॉटलंडच्या पायदळाच्या व एक घोडदळाची. बाकीचे मद्रास इलाख्यांतील हिंदु व मुसलमान शिपाई, म्हैसूरचे स्वार, आणि पेशव्यांच्या वतीनें आलेलें बापू गोखल्यांचें मराठी घोडदळ. हेच बापू गोखले १८१८ सालीं आष्टीच्या लढाईंत इंग्रजांशीं लढतां लढतां पडले. यावरून शिपाई कोणत्या निशाणाखालीं उभा राहतो हें त्याच्या कुळावरून ओळखतां येत नाहीं, इतकें तर उघड आहे.

पुढें जालन्यास लष्करी छावणी झाली. हैदराबादचा रेसिडेंट हेन्री रसेल ह्यानें १८१३ सालीं निजामाच्या खर्चानें व इंग्रज अंमलदारांच्या हाताखालीं रसेल ब्रिगेड उभारलें होतें. अशा फौजांतूनच हैदराबाद कंटिंजंट निर्माण झालें. त्याच्या पलटणी औरंगाबाद, जालना, हिंगोली, मोमिनाबाद येथील छावण्यांत राहात. छावण्या मराठवाड्यांत, पैसा निजामाचा व १८५३ नंतर वऱ्हाडच्या महसुलाचा. शिपायांत मात्र उत्तर हिंदुस्थानांतील लोकांचा भरणा मोठा. इकडील कुणब्याच्या पोरास पहारा रोज दिसे, पण पहारेकरी बहुधा दूरदेशींचा असे.

मुंबई इलाख्यांत निराळा प्रकार होता. तेथील कंपनीच्या पलटणींत महार शिपाई प्रथमपासून पुष्कळ होते. १ जानेवारी १८१८ रोजीं कोरेगांवास पडलेल्यांचीं नांवें तेथील स्तंभावर कोरलेलीं आहेत. त्यांत शेवटीं ‘नाक’ असलेलीं महारांचीं नांवें अनेक आढळतात. कित्येक घराण्यांत बापामागें मुलगा पलटणींत जाई. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे वडील रामजी सकपाळ हे सुभेदार होते, व बाबासाहेबांचा जन्म १८९१ सालीं महूच्या छावणींत झाला.

त्याच सुमारास दार लागलें. १८८५ पासून १८९३ पर्यंत सरसेनापति असलेले लॉर्ड रॉबर्ट्स यांच्या मतें शीख, गुरखे, पठाण हेच खरे लढवय्ये. दक्षिणेकडील लोक दीर्घ शांततेनें निःसत्त्व झालेले. पलटणी जातवार लावण्याचें धोरण वाढत गेलें, आणि १८९२-९३ च्या सुमारास महारांची भरती बंद झाली. पगार गेला, पेन्शन गेलें, आणि पलटणीच्या शाळेंत मुलांस मिळणारें अक्षरही गेलें. १८९४ सालीं निवृत्त हवालदार गोपाळबाबा वलंगकर यांनीं ह्या अन्यायाविरुद्ध अर्ज लिहिला. १९१० सालीं शिवराम जानबा कांबळे यांनीं भारतमंत्र्यांकडे दाद मागितली. पुढें महायुद्धांत माणसांची गरज पडली, तेव्हां १९१७ सालीं १११ वी महार पलटण उभी राहिली. गरज सरतांच १९२१ सालीं ती मोडली, आणि दुसऱ्या महायुद्धांत, १९४१ सालीं, बेळगांवास महार रेजिमेंट पुन्हां स्थापन झाली. पन्नास वर्षांत माणसाचें रक्त असें चार वेळां बदलत नाहीं.

आपल्या शेजारच्या कंटिंजंटचेंही पाहा. १९०३ सालीं तें मोडून त्याच्या पलटणी हिंदी सैन्यांत घेतल्या, व १९२२ सालीं पायदळाची १९ वी हैदराबाद रेजिमेंट बनली. भरती हळूहळू कुमाऊंच्या पहाडांतून व अहीर लोकांतून होऊं लागली, आणि १९४५ सालीं रेजिमेंटचें नांवही कुमाऊं असें झालें. स्वतंत्र भारताचें पहिलें परमवीर चक्र ज्यांस मरणोत्तर मिळालें, ते मेजर सोमनाथ शर्मा १९४२ सालीं ह्याच हैदराबाद रेजिमेंटमध्यें अधिकारी झाले होते.

हा प्रकार आपल्याच देशांतला असें कोणी समजूं नये. रोमन साम्राज्यांत निवृत्त शिपायाच्या मुलानें शिपाईच व्हावें असा हुकूम होता. तूरच्या संत मार्टिननें तरुणपणीं तरवार हातीं घेतली ती ह्याच हुकुमानें. त्याच्या मनाचा ओढा पूर्वीपासूनच निराळीकडे होता.

स्वातंत्र्यानंतर १९४९ सालीं सर्व जातींची मिश्र अशी ब्रिगेड ऑफ द गार्ड्स स्थापन झाली; कित्येक जुन्या रेजिमेंटांत मात्र जातवार किंवा प्रांतवार भरती चालू राहिली. २०२२ सालीं अग्निपथ योजना आली. तींत सर्व जातींच्या मुलांस प्रवेश आहे, परंतु मुदत चार वर्षांची. त्यानंतर जास्तींत जास्त चौथ्या हिश्शास पुढें ठेवून घेतात, व बाकीच्यांस निवृत्तिवेतन नाहीं. ज्या घरचा मुलगा भरतीस निघाला आहे त्या घरानें ही अट नीट वाचून घ्यावी. पेन्शन व मुलांचें शिक्षण यांवरच पूर्वींचीं शिपाई घराणीं उभीं राहिलीं होतीं, हें आपण वर पाहिलेंच.

आपल्या धर्मग्रामांतील कोणाच्या घरीं आजा-पणज्याचें पलटणीचें डिस्चार्ज किंवा पदक असेल तर तें जपून ठेवावें. त्यावरील पलटणीचें नांव व भरतीचें साल मुलांस वाचून दाखवावें, आणि त्या सालीं दार कोणासाठीं उघडें होतें व कोणासाठीं बंद, हेंही त्यांस समजावून सांगावें.