तलाव मागे राहिले

साकोली तालुक्यातल्या एकोडीसारख्या गावाचा कबड्डी संघ हरून परतला, तर गाव त्याला चार शब्द सुनावेल. पण तो विकून दुसऱ्या गावाला न्यावा, असे कुणाच्या मनातही येणार नाही. संघ गावाचा, असेच आपण धरून चालतो. व्यावसायिक खेळात मात्र संघ मालकाचा असतो.

आपला भंडारा जसा तलावांचा जिल्हा, तसे अमेरिकेतील मिनेसोटा हे तलावांचे राज्य. तिथल्या मिनीआपोलिस शहरात १९४७ साली बास्केटबॉलचा एक संघ आला. त्याचे नाव ठेवले 'लेकर्स', म्हणजे तलाववाले. जॉर्ज मायकन या उंचपुऱ्या खेळाडूच्या बळावर १९४९ ते १९५४ या काळात संघाने पाच विजेतेपदे मिळवली. पुढे मायकन निवृत्त झाला, गर्दी ओसरली आणि १९६० मध्ये मालकाने संघ लॉस एंजेलिसला हलवला. 'लेकर्स' हे नाव संघाबरोबर गेले. तलाव मागे राहिले.

असे का होते? तिथल्या लीगमध्ये संघांची संख्या ठरलेली असते. एखाद्या शहराने आपला संघ घडवून, सामने जिंकून वरच्या श्रेणीत यावे, अशी सोय नाही. म्हणून एका शहराची जागा दुसरे शहर पैशाने किंवा नव्या क्रीडागृहाचे आश्वासन देऊन मिळवते.

सिएटल शहराने हे फार जवळून अनुभवले. १९७९ चा विजेता 'सुपरसॉनिक्स' संघ २००६ मध्ये ओक्लाहोमाच्या उद्योजकांनी विकत घेतला. नवे क्रीडागृह मिळेना, तेव्हा २००८ मध्ये त्यांनी तो ओक्लाहोमा सिटीला नेला. पण क्रीडागृहाचा भाडेकरार २०१० पर्यंतचा होता. त्याच्या आधारे शहर कोर्टात गेले. तडजोडीत साडेचार कोटी डॉलर मिळाले आणि संघाचे नाव व रंग सिएटलसाठी राखून ठेवले गेले.

हे सारे दूरचे वाटते? पुण्याची गोष्ट घ्या. 'एफसी पुणे सिटी' हा फुटबॉल संघ २०१४ पासून इंडियन सुपर लीगमध्ये खेळत होता. बालेवाडीचे मैदान हे त्याचे घर. आर्थिक अडचणींमुळे २०१९ मध्ये तो बंद पडला आणि लीगमधली त्याची जागा हैदराबादला मिळाली. २०२२ मध्ये हैदराबादने विजेतेपद पटकावले. पुढे २०२५ मध्ये तो संघही दिल्लीला गेला आणि त्याचे नाव बदलले. बालेवाडीला घसा कोरडा करून ओरडणाऱ्या पोरांना मात्र कुणी काही विचारले नव्हते.

प्रेक्षकाची माया कुठल्या करारात लिहिलेली नसते. सिएटलच्या हाती जे उरले, ते भाडेकराराच्या कागदामुळे. तेव्हा सरकारी पैशातून उभे राहिलेले मैदान एखाद्या संघाला देताना, तो किती वर्षे राहील आणि गेला तर नाव कुणाचे, हे आधीच लिहून घ्यायला नको का?