सागरप्रदक्षिणा करणाऱ्या स्त्रिया

नागपूरहून हैदराबादेकडे जाणाऱ्या हमरस्त्याला जेथें चंद्रपूरचा फांटा फुटतो, तें वर्धा जिल्ह्यांतील जाम हें माझें गांव. आमच्या तालुक्याचें नांव समुद्रपूर. परंतु समुद्र येथून शेंकडों मैल दूर. मी आयुष्यभर शाळेंत भूगोल शिकविला, महासागरांचीं नांवें मुलांकडून घोकून घेतलीं, आणि खिडकीबाहेर मात्र कपाशीचीं शेतेंच पाहिलीं.

सुमारें पस्तीस वर्षांपूर्वीं एके दिवशीं मी मॅगेलनची सफर शिकवीत होतों. मागल्या बांकावरील एक मुलगी उठून म्हणाली, “गुरुजी, एखादी बाई एकटीच नाव घेऊन पृथ्वीभोंवतीं जाऊं शकेल काय?” वर्ग हंसला, खरें सांगावयाचें तर मीहि हंसलों. “तें बायकांचें काम नव्हे, खालीं बस,” असें मीं उत्तर दिलें. ती बसली, आणि पुन्हा तिनें कधीं प्रश्न विचारल्याचें मला आठवत नाहीं. तें उत्तर आज मला दुरुस्त करावयाचें आहे, कारण तें त्या दिवशींसुद्धां खोटें होतें.

आपल्याकडे समुद्रयान हें कलियुगांत वर्ज्य मानिलें गेलें होतें. परदेशाहून येणाऱ्यास प्रायश्चित्त घ्यावें लागे. अशा काळीं, ७ एप्रिल १८८३ रोजीं, अठरा वर्षांच्या आनंदीबाई जोशी वैद्यक शिकण्यासाठीं पतीवांचून कलकत्त्याहून अमेरिकेस निघाल्या. निघण्यापूर्वीं श्रीरामपूर येथें जाहीर सभेंत उभें राहून त्यांनीं आपल्या जाण्याचीं कारणें सांगितलीं. महाराष्ट्रकन्येचें हें धैर्य थोर खरें. तथापि त्या नौकेवर त्या प्रवासी होत्या, सुकाणूं दुसऱ्याच्या हातीं होतें.

तें सुकाणूं स्त्रीच्या एकटीच्या हातीं येण्यास आणखी सुमारें सत्तर वर्षें लागलीं म्हणावयास हरकत नाहीं. अ‍ॅन डेव्हिसन या इंग्रज बाईंचे पती १९४९ सालीं त्यांच्याबरोबर सफरीस निघाले असतां नौका फुटून मृत्यु पावले. त्याच बाईंनीं १९५२-५३ मध्यें लहानशा शिडाच्या नावेंतून अटलांटिक महासागर एकटीनें ओलांडला. त्यानंतर पोलंडच्या क्रिस्तिना खोयनोव्स्का-लिस्केविच या जहाजबांधणीच्या स्थापत्यांत निष्णात असलेल्या बाई मार्च १९७६ मध्यें कॅनरी बेटांवरून निघाल्या आणि एप्रिल १९७८ मध्यें पृथ्वीप्रदक्षिणा पुरी करून तेथेंच परतल्या. त्यांच्या ‘माझुरेक’ नांवाच्या नावेची बांधणी त्यांच्या पतीच्या देखरेखीखालीं झाली होती. त्याच वर्षीं जूनमध्यें न्यूझीलंडच्या नेओमी जेम्स दुर्घट अशा केप हॉर्नला वळसा घालून २७२ दिवसांत इंग्लंडांत परत आल्या. या बाई पूर्वीं केशभूषेचा धंदा करीत असत! पुढें दहा वर्षांनीं, ५ जून १९८८ रोजीं, ऑस्ट्रेलियाच्या के कॉटी यांनीं कोणत्याहि बंदरास न लागतां १८९ दिवसांत प्रदक्षिणा संपविली. म्हणजे माझ्या वर्गांत तो प्रश्न आला तेव्हां त्याचें उत्तर जगानें तीनदां देऊन ठेविलें होतें. मास्तरांना मात्र त्याचा पत्ता नव्हता.

एकटीनें नाव हांकणें म्हणजे काय, याची कल्पना भूमीवर बसून येणें कठीण. खलाशी तीच, स्वयंपाकीण तीच, आजारी पडल्यास वैद्यहि तीच. वाऱ्याच्या दिशेवर चालणारें एक यंत्र सुकाणूं कांहीं वेळ सांभाळतें खरें; परंतु समोरून जहाज येत आहे काय, हें पाहावयास माणूस जागें असावें लागतें. म्हणून ती थोडी थोडी झोप घेऊन पुन्हा उठते. दक्षिण गोलार्धांत चाळीस अंशांच्या खालीं वाऱ्यास अडवावयास जमीन जवळजवळ नाहींच. त्यामुळें तेथें लाटा घरांहूनहि उंच होतात. फाटलेलें शीड तिलाच शिवावें लागतें, आणि डोलकाठीवर कांहीं अडकल्यास तिलाच वर चढावें लागतें.

आतां आपल्या देशाकडे वळूं. गोव्यांत मांडवीच्या पात्रांतील दिवाडी बेटावर रत्नाकर दांडेकर यांच्या कारखान्यांत ‘म्हादेई’ ही नाव बांधली गेली. तिच्यांतून नौदलाचे कमांडर दिलीप दोंदे या मराठी गृहस्थांनीं २००९-१० मध्यें मुंबईहून निघून चार ठिकाणीं थांबत एकट्यानें पृथ्वीप्रदक्षिणा केली. असें करणारे ते पहिले भारतीय. त्याच कारखान्यांत तशीच दुसरी नाव झाली, ती ‘तारिणी’. दोंदे यांनीं शिकविलेल्या नौदलाच्या सहा स्त्रिया वर्तिका जोशी यांच्या नेतृत्वाखालीं १० सप्टेंबर २०१७ रोजीं तीतून गोव्याहून निघाल्या आणि २५४ दिवसांनीं परतल्या. पुढें २ ऑक्टोबर २०२४ रोजीं दिल्ना के. आणि रूपा ए. या दोघीच तीच नाव घेऊन निघाल्या. केप हॉर्न ओलांडून, चार बंदरांत थांबून, त्या २९ मे २०२५ रोजीं गोव्यास परतल्या.

“त्या तर दोघी होत्या,” असें कोणी म्हणेल. परंतु एक झोपली असतां दुसरी एकटीच असते. पॅसिफिक महासागरांत, जमिनीपासून अत्यंत दूर, नेमो नांवाचें एक स्थान आहे. तेथून जवळची भूमि सुमारें २,६०० किलोमीटरांहून अधिक अंतरावर. या दोघी तेथूनहि गेल्या. तेथें रात्रीं सुकाणूंवर बसलेल्या बाईला कोणाची सोबत म्हणावी?

आणि मॅगेलन? पांच जहाजें व अडीचशेंहून अधिक माणसें घेऊन निघालेला तो वीर १५२१ सालीं वाटेंतच, फिलिपाइन्स बेटांत मारला गेला. प्रदक्षिणा त्यानें पुरी केलीच नाहीं. हेंहि मीं वर्गांत घाईघाईनें सांगून टाकीत असें.

ती मुलगी आतां पन्नाशीच्या जवळ आली असेल. कदाचित् आज हें भाषण ती ऐकतहि असेल, कदाचित् तिची मुलगी ऐकत असेल. तिची मी क्षमा मागतों. आपणां सर्वांस माझी एवढीच विनंति आहे कीं, घरांतील मुलीनें असा प्रश्न विचारला आणि उत्तर ठाऊक नसलें, तर हंसूं नका. “मला माहीत नाहीं, आपण दोघें शोधूं,” असें म्हणा. मला तें म्हणतां आलें असतें. मीं तें म्हटलें नाहीं.