तळटीप : ‘पहिली एकटी प्रदक्षिणा’

१. मूळ मजकुरात एकटीने पृथ्वीप्रदक्षिणा करणाऱ्या पहिल्या स्त्रीचा मान नेओमी जेम्स यांना दिला आहे. तो क्रिस्तिना होयनोव्स्का-लिस्क्येविच या पोलिश स्त्रीचा आहे. त्या १९७६ च्या आरंभी कॅनरी बेटांवरील लास पालमासहून ‘माझुरेक’ या जेमतेम साडेनऊ मीटर लांबीच्या शिडाच्या नौकेतून निघाल्या आणि पनामा कालवा, प्रशांत व हिंदी महासागर, केप ऑफ गुड होप या मार्गाने ३१ हजारांहून अधिक सागरी मैल कापून २१ एप्रिल १९७८ रोजी तिथेच परतल्या. वाटेत ऑस्ट्रेलियात मूत्रपिंडाच्या दुखण्याने थांबावे लागले, तरी मोहीम सोडली नाही. त्या स्वतः जहाजबांधणीच्या अभियंता होत्या. नौकेच्या बांधणीची जबाबदारी त्यांच्या पतीकडे होती. जेम्स यांची फेरी त्यानंतर, ८ जून १९७८ रोजी डार्टमथला संपली. मात्र केप हॉर्नला वळसा घालून एकटीने पृथ्वीप्रदक्षिणा करणाऱ्या पहिल्या स्त्री जेम्सच. तो मार्ग अधिक खडतर, म्हणून त्यांचे श्रेय तिळभरही कमी होत नाही. क्रिस्तिनांचे नाव आपल्या पुस्तकांतून गळत राहते, म्हणून ही टीप जरा लांबवली. — संपादक