नभोवाणीवरील उघडे गुपित

गुप्त निरोप कानात सांगावा, हा राजनीतीचा जुना दंडक. दुसऱ्या महायुद्धात लंडनच्या बी.बी.सी.ने मात्र असे निरोप शत्रूच्या देखत, नभोवाणीवरून सांगितले.

१९४० च्या जूनमध्ये फ्रान्स पडला. तेथे उतरणाऱ्या इंग्लंडच्या हेरांजवळ बिनतारी यंत्रे असत. परंतु यंत्र संदेश पाठवू लागले, की त्याच्या लहरींचा माग काढीत जर्मनांच्या गाड्या दाराशी येत. पाठविण्यात असलेला हा धोका ऐकण्यात नव्हता. म्हणून, १९४१ च्या मे महिन्यात हवाई छत्रीने उतरलेला बिनतारी-चालक जॉर्ज बेगे याने सुचविले, की लंडनने सांकेतिक वाक्ये फ्रेंच कार्यक्रमातच वाचावीत. त्याप्रमाणे 'खाजगी निरोप' सुरू झाले. वाक्ये वरकरणी निरर्थक. पण आज रात्री विमानातून शस्त्रे पडणार, हे ज्याला कळावयाचे त्याला कळे. त्यासाठी घरातला साधा रेडिओ पुरे. लंडन ऐकणे हा गुन्हा होता, तरी लोक दारे लावून ऐकत. कारण तेथून इंग्लंडच्या पराभवांच्याही बातम्या मिळत. त्या खरेपणामुळेच त्या आवाजाला वजन आले होते.

१ जून १९४४ रोजी लंडनने व्हेर्लेन या फ्रेंच कवीच्या कवितेचा आरंभ ऐकविला आणि ५ जूनच्या रात्री त्यापुढील ओळी. लोहमार्ग तोडा, हा त्यांचा संकेत. अशाच इतर निरोपांनीही त्या रात्री कामगिऱ्या नेमून दिल्या आणि शेकडो ठिकाणी रूळ उखडले गेले.

विशेष हे, की जर्मनांनाही त्या ओळींचा अर्थ ठाऊक होता. त्यांच्या पंधराव्या सैन्याच्या श्रवणपथकाने त्या टिपल्या व ते सैन्य सावध झाले. परंतु नॉर्मंडीचा किनारा राखणाऱ्या सातव्या सैन्याला इशारा गेलाच नाही. ६ जूनच्या पहाटे दोस्तांच्या फौजा उतरल्या, त्या नेमक्या त्याच किनाऱ्यावर.

यंत्राने दोघांच्याही कानी एकच वाक्य घातले. एका बाजूला चार वर्षे त्या आवाजावर विसंबलेले शेतकरी व रेल्वे-कामगार होते. ते तत्काळ अंधारात बाहेर पडले. दुसऱ्या बाजूला अर्थ जाणणारे अधिकारी होते. त्यांचे ज्ञान कचेरीतच राहिले. बातमी हाती येणे ही अर्धीच गोष्ट होय. ती योग्य माणसाकडे पोहोचणे आणि त्याने तिच्यावर विश्वास ठेवणे, हे उरलेले अर्धे काम कोणतेही यंत्र करीत नाही.