रेनडिअरचे शब्द

वासरू, कालवड, गोऱ्हा, खोंड असे शब्द आपण सहज बोलून जातो. म्हणूनच तोफा लोकांविषयी मला आपलेपणा वाटतो. सैबेरियातल्या सायान पर्वतात रेनडिअर पाळणारे हे लोक. खच्ची केलेल्या, स्वारीच्या नराला ते एकाच शब्दात ‘चारी’ म्हणतात. फिनलंडचे पंडित कास्ट्रेन यांनी रचलेले त्यांच्या तुर्की कुळातील भाषेचे व्याकरण, पंडितांच्या मृत्यूनंतर, १८५७ साली छापले गेले. पुढे सोव्हिएत अमदानीत ही भटकी कुटुंबे तीन गावांत बसवली गेली. मुले रशियन वसतिशाळांत गेली. २०१० च्या शिरगणतीत तोफा भरले ७६२. भाषा जाणणारे अवघे ९३! व्याकरण कपाटातही टिकते. पण आजोबांच्या तोंडचा ‘चारी’ उचलायला घरात नातवंडच लागते.