दलाल स्ट्रीटवरचा कॅमेरा

मुंबई शेअर बाजारात १९९५ पर्यंत सौदे रिंगणात ओरडून आणि हातवारे करून होत. बाजार उठला की बंद भाव टिपायचे, दोन-चार दलालांना गाठायचे आणि रात्रीपर्यंत बातमी छापायला द्यायची, असा अर्थवार्ताहराचा दिनक्रम असे. १९९२ चा रोखे घोटाळाही वृत्तपत्रानेच उघडकीस आणला.

राष्ट्रीय शेअर बाजाराने नोव्हेंबर १९९४ मध्ये संगणकावर शेअरचे व्यवहार सुरू केले. १४ मार्च १९९५ रोजी मुंबई बाजारातही ‘बोल्ट’ यंत्रणा आली. भाव क्षणोक्षणी पडद्यावर दिसू लागले आणि टीव्हीवरच्या अर्थपत्रकाराला काम मिळाले. डिसेंबर १९९९ मध्ये सीएनबीसी इंडिया ही वाहिनी सुरू झाली. त्याच वर्षी केंद्रीय अर्थसंकल्प संध्याकाळी पाचऐवजी सकाळी अकराला मांडला गेला. ही वेळ कायम राहिल्याने अर्थमंत्री बोलत असतानाच बाजार हलू लागला. भाषणातले एकेक वाक्य कोणत्या शेअरला लागू होते, हे निवेदकाला तिथल्या तिथे सांगावे लागे. चुकले तर खोडायला सवड नसे.

१७ मे २००४ ला, लोकसभेच्या निकालानंतर, सेन्सेक्स इतका कोसळला की सौदे दोनदा थांबवावे लागले. पडद्याच्या तळाशी धावणाऱ्या पट्टीतले भाव गोठले. भाव नसताना बोलत राहणे ही या धंद्यातली खरी परीक्षा.

शहीद भगतसिंग मार्गावरच्या रिझर्व्ह बँकेच्या वार्तांकनाचे काम वेगळे. तिथे ‘पंचवीस बेसिस पॉइंट’ ऐकून ‘पाव टक्का’ सांगायचे आणि लगोलग घरकर्जाच्या हप्त्यापर्यंत यायचे. प्रेक्षकाला रेपो दरापेक्षा, म्हणजे रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते त्यापेक्षा, हप्ता महत्त्वाचा.

शेअरच्या ‘टिप्स’ देणाऱ्या पाहुण्यांनी मात्र दुपारचे तास व्यापले. बाजार नियामक सेबीने २०१४ मध्ये संशोधन विश्लेषकांसाठी नियम केले; शिफारस करणाऱ्याने त्यातले आपले हितसंबंध जाहीर करणे आले.

बँकांच्या बाबतीत पट्टीचा फारसा उपयोग झाला नाही. शेअरचा भाव दर सेकंदाला दिसत होता, पण बुडीत कर्जांचा खरा आकार २०१५ मध्ये रिझर्व्ह बँकेने केलेल्या मालमत्ता-तपासणीतून पुढे येऊ लागला. त्यानंतर बँकांचे तिमाही निकाल आले, की वार्ताहर नफ्याचा आकडा बाजूला ठेवून आधी अनुत्पादक कर्जांची ओळ शोधू लागले.