सातबाऱ्याविना दिवा

गावात विजेचे खांब आले, तारा ओढल्या गेल्या आणि एका संध्याकाळी घरोघर दिवे लागले, हा सोहळा आपल्यापैकी पुष्कळांनी पाहिला असेल. त्याच संध्याकाळी गायरानाच्या कडेला वसलेल्या चार घरांत मात्र रॉकेलची चिमणीच पेटली, हेही पाहिले असेल. तार तर त्यांच्या छपराजवळूनच गेलेली! मग अडले कोठे? अडले ते कागदावर. ‘जागा तुमच्या नावावर आहे का? उतारा आणा.’ आता गायरानाचा उतारा त्या बिचाऱ्याने आणावा कोठून?

ही अट मुळात कायद्याने घातली की कचेरीच्या वहिवाटीने, हे पाहण्यासाठी थोडे मागे जाऊ.

आपल्याकडे वीज आली ती शहरात आणि कंपन्यांच्या हातून. मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटात १८८२ साली विजेचे दिवे लागले, पण ती कंपनी वर्षभरातच बुडाली. पुढे १९०५ साली ट्रामची आणि विजेची कंपनी निघाली. अशा कंपन्यांना शिस्त लावण्यासाठी १९१० साली विजेचा कायदा झाला. त्याच्या परिशिष्टात एक कलम आहे. कंपनीच्या टापूतील एखाद्या जागेच्या ‘मालकाने अथवा भोगवटादाराने’ रीतसर मागणी केली, तर एका महिन्याच्या आत तिला वीज द्यावी.

हा ‘अथवा’ फार महत्त्वाचा. सातबाऱ्यावर भोगवटादार म्हणजे ज्याच्या नावे जमीन लागली तो. विजेच्या कायद्यात मात्र अर्थ साधा आहे: जो त्या जागेत राहतो तो. म्हणजे विजेसाठी मालकच असले पाहिजे, असे परक्या सरकारच्या कायद्यानेसुद्धा म्हटले नव्हते.

मग उतारा का मागत? त्याला कारणे होती, आणि ती अगदीच पोकळ नव्हती. झोपडीवाला बिल थकवून निघून गेला तर वसुली कोणाकडून, ही एक धास्ती. दुसऱ्याच्या जमिनीत खांब रोवायचा तर त्याची संमती लागते, ही दुसरी अडचण. पण खरी भीती तिसरीच होती. आज वीज दिली तर उद्या हा माणूस बिल दाखवून जागेवर हक्क सांगेल!

या भीतीचे मूळ मुंबईत दिसते. जानेवारी १९७६ मध्ये तेथे झोपड्यांची गणना झाली आणि मोजलेल्या कुटुंबांना फोटोपास मिळाले. पुढे संरक्षणाची तारीख सरकत सरकत १ जानेवारी १९९५ आणि मग १ जानेवारी २००० पर्यंत आली. त्या तारखेपूर्वी आपण येथेच राहत होतो, हे सिद्ध करणाऱ्या कागदांत विजेचे बिलही धरले जाऊ लागले. झाले! कागद नाही म्हणून वीज नाही, आणि वीज नाही म्हणून कागद नाही. विहिरीवर पोहरा नाही आणि पोहरा घ्यायला पैसा नाही, तशातली ही गत.

याची किंमत कोणी मोजली? गरिबानेच. कोणी शेजाऱ्याकडून वायर ओढून घेतली आणि दर दिव्यामागे तो सांगेल तेवढे पैसे मोजले. कोणी तारेवर आकडा टाकला. आकड्याने जीव जातात, छपरे पेटतात, आणि पकडला गेला तर तीन वर्षांपर्यंत कैदेची तरतूद आहे. रीतसर बिल भरायला तयार असलेल्या माणसाला आपण चोरीच्या वाटेला लावले, असेच म्हणावे लागेल.

२००३ साली विजेचा नवा कायदा आला. त्याच्या ४३ व्या कलमात तेच शब्द कायम राहिले: मालक अथवा भोगवटादार. आणि १३ मे २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने घरमालक-भाडेकरूंच्या एका प्रकरणात सांगितले की वीज ही मूलभूत सोय आहे. घरमालकाचे ना-हरकत पत्र नाही म्हणून ती नाकारता येत नाही. अर्जदार त्या जागेत राहतो की नाही, एवढेच वीज देणाऱ्याने पाहायचे. वाद भाडेकरूचा होता खरा, पण ही कसोटी गायरानावरच्या घरालाही विचार करायला लावणारी आहे.

एक गोष्ट मात्र स्पष्ट सांगितली पाहिजे. मीटर बसला म्हणजे जागा आपली झाली, असे कोणी समजू नये. बिल हा राहिल्याचा पुरावा, मालकीचा नव्हे. अतिक्रमणाचा प्रश्न वेगळा, तो महसूल खात्यात आणि कोर्टात सुटेल. पण हेच उलट बाजूनेही खरे आहे. वीज दिल्याने जमीन जात नसेल, तर जमिनीच्या भीतीने वीज अडवायची कशाला?

म्हणून शिक्षकबंधूंना आणि भगिनींना एक विनंती. आपल्या वर्गातले एखादे मूल चिमणीच्या उजेडात अभ्यास करीत असेल, तर त्याच्या वडिलांना लेखी अर्ज लिहून द्या. अर्जात ‘भोगवटादार’ हा शब्द घाला, आणि अर्ज दिल्याची पोच घ्यायला सांगा. नकार मिळालाच तर तोही लेखी मागा. तोंडी नकाराविरुद्ध दाद मागणे अवघड जाते. शंभर वर्षांहून अधिक काळ कायद्यात असलेला हा शब्द ज्याच्यासाठी लिहिला, त्याच्यापर्यंत पोचवणे एवढे तरी आपल्या हाती आहे.